चौपानीचा उपयोग काय?

आधी गुन्हा कबूल करते, म्हणजे पुढे जे तोंड सोडणार आहे ते स्वतःला वगळून नाही एवढं तरी दिसेल.

दोन वर्षांपूर्वी ऑफिसमधल्या चार मित्रमैत्रिणींबरोबर शनिवारी रात्री खेळायला म्हणून मी एक काल्पनिक जग रचायला घेतलं. फासे, पात्रं, राक्षस, खजिना, सगळं रीतसर. नकाशा काढला, तीन राज्यं आखली, त्यांची आपसातली भांडणं ठरवली. मग सवयीने एक स्प्रेडशीट उघडली आणि त्या जगातल्या वनस्पतींचा तक्ता केला. रकाने पाच: नाव, रंग, दुर्मिळता, परिणाम, किंमत. दुर्मिळतेच्या रकान्यात चारच पर्याय निवडता येतील अशी सोयही केली, कारण डेटा स्वच्छ हवा. एका रात्रीत ४२ वनस्पती झाल्या. एकीने विष उतरायचं, एकीने अदृश्य होता यायचं, एकीने घोडा दुप्पट पळायचा. सकाळी चार वाजता झोपताना आपण केवढं मोठं अरण्य उभं केलं असं वाटत होतं.

त्यातली लाडकी होती चांदवेल. निळसर उजेड देणारी, अमावास्येला फुलणारी, जिचा रस लावला की कुठलीही जखम भरते. तिच्यावर मी एक गोष्ट लिहिली आणि दिवाळीत गावी गेले तेव्हा आजीला वाचून दाखवली. आमचं गाव सातारा जिल्ह्यात. आजी ऐंशीच्या पुढची, सगळा जन्म शेतात गेलेला. डोळे मिटून ऐकत होती. संपल्यावर म्हणाली, "कुठल्या म्हैन्यात उगवती गं ती?"

"अमावास्येला फुलते," मी म्हणाले.

"फुलायचं न्हाई इचारलं. उगवती कवा?"

माहीत नव्हतं. "गुरं तोंड लावत्यात का तिला?" माहीत नव्हतं. "बी कसं पडतंय?" तेही नाही. "बरं, उपटली तर परत येती का?" मी लॅपटॉप मिटला.

माझ्या पाच रकान्यांत यातल्या एकाही प्रश्नाचं उत्तर नव्हतं. आणि गंमत म्हणजे जो रकाना भरायला मी सगळ्यात जास्त वेळ घालवला होता, त्याबद्दल तिने काहीच विचारलं नाही. कुठलीही जखम भरते हे ऐकून ती नुसतं "हं" म्हणाली होती. हा लेख त्या "हं"मुळे लिहिते आहे.

तर भांडण असं. फँटसीतल्या बहुतेक वनस्पती या वनस्पती नसतातच. त्या बाटल्या असतात, वरून पानं चिकटवलेल्या. नायकाला ताप आला की लेखक बाटली उघडतो आणि ताप उतरला की ती वनस्पती जगातून नाहीशी होते. तिला ऋतू नसतो, कीड लागत नाही, तिच्या शेजारी दुसरं काही उगवत नाही. यावर ठरलेलं उत्तर येतं: "अगं, फँटसी आहे, लॉजिक कशाला शोधतेस?" हे उत्तर मला आळशीपणाचं वाटतं. तलवार कुठल्या लोहाराने घडवली, घराण्यातला तिसरा मुलगा गादीवर का बसला नाही, ड्रॅगनच्या पंखांचा पल्ला किती, यावर हीच मंडळी पहाटेपर्यंत वाद घालतात. लॉजिक सगळीकडे चालतं. फक्त पाला आला की नको असतं.

आता एक उलट उदाहरण सांगते. अर्सुला ले ग्विनची 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' ही कादंबरी १९६८ साली आली. बेटांचं जग आहे, आणि त्यात खऱ्या नावांवर चालणारी जादू. ज्याला वस्तूचं खरं नाव ठाऊक त्याची तिच्यावर सत्ता. नायक गेड हा गाँट बेटावरच्या लोहाराचा पोरगा. तेरा वर्षांचा, अंगात अफाट ताकद आणि डोक्यात तेवढीच घाई. ओगियन नावाचा जादूगार त्याला शिष्य म्हणून सोबत घेतो आणि दोघं डोंगरातून चालत ओगियनच्या गावी निघतात. दिवसामागून दिवस जातात. पोराला वाटत होतं, गुरू आता वीज पाडून दाखवेल, प्राण्यांची भाषा शिकवेल. गुरू नुसता चालतो. पाऊस आला तर भिजतो. शिकवणं कधी सुरू होणार असं पोरगं विचारतं, तर म्हणतो, सुरू झालंय.

मग एका ठिकाणी ओगियन वाटेकडेचं एक झुडूप दाखवून नाव विचारतो. गेड बरोबर सांगतो. दुसरं दाखवतो, ते गेडला येत नाही. ओगियन सांगतो की याला फोरफॉइल म्हणतात. मी तिला मराठीत चौपानी म्हणते. गेड वाकून बघतो, तिची एक वाळकी शेंग तोडतो आणि गुरू पुढे काहीच बोलत नाही म्हणून शेवटी विचारतो, हिचा उपयोग काय? ओगियन म्हणतो, मला तरी काही माहीत नाही. थोडा वेळ शेंग हातात ठेवून गेड चालतो आणि मग फेकून देतो.

यानंतर ओगियन जे बोलतो ते आजीच्या चार प्रश्नांचंच थोरलं भावंड आहे. त्याचा आशय असा की चौपानी वर्षभर सगळ्या ऋतूंत, मुळापासून बीपर्यंत, डोळ्याने आणि नाकाने ओळखता यायला लागली की मग तिच्या खऱ्या नावापर्यंत पोचता येईल, आणि ती जे आहे ते तिच्या उपयोगापेक्षा जास्त आहे. वर तो पोरालाच विचारतो की तुझा तरी काय उपयोग, आणि माझा?

आता इंजिनियरच्या नजरेनं या वनस्पतीकडे बघा. रंग? दिलेला नाही. फूल? माहीत नाही. परिणाम? शून्य. किंमत? कोण देणार? माझ्या तक्त्यात हिची ओळ सगळीच्या सगळी रिकामी आली असती आणि मी ती डुप्लिकेट समजून उडवली असती. ले ग्विनने आपल्याला दिली आहे फक्त एक वाट, एक वाळकी शेंग आणि एक कंटाळलेला पोरगा. तरीही अख्ख्या फँटसी वाङ्मयात मला सगळ्यात खरी वाटलेली वनस्पती हीच. पुढे ती कुणाचा जीव वाचवायला येत नाही, कुठल्या काढ्यात पडत नाही. तिची शेंग मात्र फेकली गेली हे विसरता येत नाही, कारण पुढे गेडच्या हातून जे घडतं ते याच घाईने घडतं. ओगियनच्या घरी राहत असताना तो माळावर वनस्पती गोळा करायला जातो, तिथे भेटलेल्या एका मुलीपुढे भाव खायचा म्हणून गुरूच्या पुस्तकातला मेलेल्यांना बोलावण्याचा मंत्र उघडतो, आणि दाराशी पहिल्यांदा ती सावली दिसते. नंतर रोक बेटावरच्या जादूच्या शाळेत त्याला एका एकाकी मनोऱ्यात बसवून नुसती नावं पाठ करायला लावतात. ओगियनने हेच चालता चालता, फुकटात आणि ताज्या हवेत देऊ केलं होतं.

कुणी म्हणेल, लेखिकेने वनस्पतीचं वर्णनच केलं नाही, मग तिला श्रेय कसलं? पण याच पुस्तकात गेडच्या मावशीची झोपडी आहे. ती गावातली चेटकीण. आढ्याला वाळत घातलेल्या वनस्पतींत पुदिना, थाइम, तमालपत्र अशा खऱ्या आहेत, अर्थसीच्या स्वतःच्या आहेत, आणि त्यांच्यातच होमरच्या 'ओडिसी'तली मोली आणि टॉल्किनची किंग्जफॉइलही लटकते आहे. म्हणजे बाईला वनस्पतींच्या काल्पनिक वंशावळी चांगल्या ठाऊक होत्या. मावशीच्या झोपडीत उपयोगाच्या झाडपाल्याची गर्दी आहे, आणि चौपानी त्या गर्दीबाहेर, वाटेवर. मला तरी हे ठरवून केलेलं वाटतं.

आता ज्यांच्यावर राग आहे त्यांच्याकडे येते.

'हॅरी पॉटर'च्या दुसऱ्या भागातले मँड्रेक आठवा. मँड्रेक ही खरी वनस्पती आहे, आणि उपटताना ती किंचाळते ही युरोपातली जुनी लोकसमजूत. रोलिंगबाईंनी ती मुळं तान्ह्या बाळांसारखी केली, इथवर मजा आहे. पुढे ती बाळं मोठी होतात. लहरी होतात, तोंडावर मुरुमं येतात, ग्रीनहाऊसमध्ये धिंगाणा घालणारी पार्टी करतात. एकमेकांच्या कुंडीत शिरायला लागली की ती वयात आली असं समजायचं. आणि वयात आली की काय करायचं? कापायची, शिजवायची, आणि दगड झालेल्या विद्यार्थ्यांसाठी औषध बनवायचं. शाळेतल्या एकाही शहाण्याला, अगदी पुढे घरगुती एल्फांच्या हक्कांसाठी संघटना काढणाऱ्या हर्मायनीलाही, यात काही वावगं दिसत नाही. मुरुमं आणि पार्टी या गोष्टी विनोदासाठी वापरल्या, औषध कथेसाठी वापरलं, आणि या दोन रकान्यांचा एकमेकांशी संबंध आहे हे कुणी तपासलंच नाही. अकरा वर्षांची असताना मी हे वाचून खदाखदा हसले होते. सत्ताविसाव्या वर्षी परत वाचलं तेव्हा पोटात कसंसं झालं.

(त्याच मालिकेतल्या आडदांड व्हॉम्पिंग विलोला मात्र मी पूर्ण मार्क देईन. ते झाड अमुक वर्षी, अमुक मुलासाठी, अमुक भुयाराचं तोंड झाकायला लावलेलं आहे. त्याला जन्मतारीख आहे.)

गेम्सचं तर विचारूच नका. 'ऑब्लिव्हियन'मध्ये निर्नरूट नावाची वनस्पती आहे. पाण्याकाठी उगवते, मंद उजळते आणि गुणगुणते. अंधारात नुसत्या आवाजावरून ती शोधायची असते. इतकी सुंदर कल्पना मी क्वचितच पाहिली आहे. आणि तिचं करायचं काय? एका किमयागाराला आधी १० आणून द्यायच्या, मग २०, मग ३०, मग ४०. उपटलेली परत उगवत नाही. म्हणजे शंभर गाणी बंद पाडल्यावर तुम्हाला मिळतो एक काढा. मी ते केलंय. शेवटची उपटली तेव्हा स्क्रीनवर अभिनंदन आलं आणि नदीकाठ गप्प झाला. गेम बनवणाऱ्यांना ती शांतता ऐकवायची होती असं मानायला मला आवडेल, पण तसा पुरावा नाही.

'अवतार' सिनेमाच्या वेळी कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या वनस्पतिशास्त्रज्ञ जोडी होल्ट यांचा सल्ला घेतला होता, आणि हे कौतुकाचंच. पण तरी रात्र झाली की पँडोरावरचं पानन् पान दिवाळीच्या माळेसारखं उजळतं. माझ्या चांदवेलीचा निळा उजेड कुठून आला होता हे सांगायला नकोच.

आणि मग आमच्या पिढीचे लाडके 'सिस्टिम'वाले. ब्रँडन सँडरसनने २००७ साली आपला जादूचा पहिला नियम मांडला. त्याचा सारांश असा की जादू वाचकाला जितकी नीट समजलेली असेल तितकंच तिच्या बळावर पेच सोडवणं समाधान देतं. नियम चांगला आहे, मी त्याच्या कादंबऱ्या चवीने वाचते. पण नियम पेच सोडवण्यापुरता आहे. नेटवरच्या लेखनसल्लागारांनी त्याचा अर्थ असा लावला की पेच सोडवत नाही ते जगात ठेवायचंच नाही. पहिल्या प्रकरणात पान दिसलं तर दहाव्यात त्याने विष उतरवलंच पाहिजे. असं लिहिलेलं जग मला आमच्या कोडबेससारखं वाटतं. कुणी हाक मारत नसेल ते फंक्शन उडवा. कोडसाठी ही शिस्त मी रोज पाळते. अरण्यासाठी पाळायला सांगितली की ओरडते.

आता घरच्या अंगणात येऊ, कारण ही खोड फक्त गोऱ्यांची नाही. आपल्याकडे जीवकाची गोष्ट फार अभिमानाने सांगतात. तक्षशिलेत सात वर्षं वैद्यक शिकल्यावर गुरूने त्याला सांगितलं, कुदळ घे, नगराभोवती योजनभर हिंड आणि जे औषध नाही असं काही दिसलं तर घेऊन ये. जीवक रिकाम्या हाताने परतला आणि उत्तीर्ण झाला. निरुपयोगी वनस्पती नसतेच! फॅमिली ग्रुपवर ही गोष्ट मला किमान सहा वेळा आली आहे, बहुधा कुठल्यातरी रसाच्या जाहिरातीसोबत. गोष्ट सुंदर आहे आणि वैद्याची परीक्षा म्हणून बरोबरही. पण हळूच तिचा अर्थ उलटतो. प्रत्येक वनस्पतीला जगण्याचा परवाना मिळतो तो औषध म्हणून. ओगियनच्या वाटेवर जीवकाला पाठवलं असतं तर त्याने चौपानीची शेंग खिशात टाकली असती, खोकल्यावर चालते का बघायला. गेडने फेकली. बघितली दोघांनीही नसती.

संजीवनीचं प्रकरण त्याहून मजेशीर आहे. रामायणात जांबवंत हनुमानाला ज्या चार वनस्पती आणायला सांगतो त्यांची नावं पाहा: मृतसंजीवनी, विशल्यकरणी, सावर्ण्यकरणी, संधानी. मेलेल्याला उठवणारी, शल्य काढणारी, रंग पूर्ववत करणारी, मोडलेलं सांधणारी. ही झाडांची नावं वाटत नाहीत, फंक्शनची वाटतात. काय करतं एवढंच नावात आहे, कसं दिसतं ते नाही. हनुमानाने अख्खं शिखर उचलून आणलं यावर लहानपणी आम्ही हसायचो. सिलेक्ट ऑल, कॉपी, पेस्ट. पण वाल्मीकी रामायणातला एक तपशील मला फार उशिरा कळला आणि तेव्हापासून माझं हसणं थांबलं. कुणीतरी आपल्याला न्यायला आलं आहे हे ओळखून त्या वनस्पती स्वतःहून दिसेनाशा झाल्या. म्हणून तो चिडला, म्हणून शिखर उपटलं. म्हणजे नावापासून औषधच असलेल्या त्या चार वनस्पतींनाही लपावंसं वाटलं! उपयोगाच्या रकान्यातून निसटून जाण्याची बुद्धी कवीने त्यांना दिली. हा प्रसंग कुठल्या टीव्ही मालिकेने दाखवलेला मी तरी पाहिलेला नाही. तिथे झाडं चमकतात. लपत नाहीत.

कुणी म्हणेल, म्हणजे काल्पनिक वनस्पती औषधी असूच नये का? असावी की. टॉल्किनची अथेलास औषधीच आहे. पण ती आधी वनस्पती आहे. समुद्रापलीकडून आलेल्या माणसांनी ती मध्यपृथ्वीत आणली आणि आता ती विरळ उगवते, तीही फक्त त्या लोकांनी जिथे वस्ती केली, तळ टाकले त्या जागांच्या आसपास. म्हणजे अथेलास दिसली तर समजायचं, इथे कधीकाळी चुली पेटल्या होत्या. वेदरटॉपवर फ्रोडोला जखम झाल्यावर अ‍ॅरागॉर्न ती अंधारात हुडकतो, तो वासावरून.

आणि 'रिटर्न ऑफ द किंग'मधलं ते शुश्रूषागृह. अ‍ॅरागॉर्न मरणपंथाला लागलेल्यांसाठी अथेलास मागतो. तिथल्या म्हाताऱ्या परिचारिकेला, आयोरेथला, या नावाची वनस्पतीच माहीत नाही. किंग्जफॉइल म्हटल्यावर मात्र ती लगेच ओळखते. मग वनौषधींचा प्रमुख येतो. तो विद्वान. खेडवळ लोक काय म्हणतात, सरदार काय म्हणतात, प्राचीन भाषेत काय म्हणतात, सगळं सांगतो, जुनं पद्यही म्हणून दाखवतो. पाला आहे का? पाला नाही. कशाला ठेवतील, त्याचा काही गुण नाही अशीच त्यांची समजूत. शेवटी बर्गिल नावाचा पोरगा धावत जाऊन फडक्यात सहा पानं घेऊन येतो, तीही दोन आठवड्यांपूर्वी तोडलेली.

हा प्रसंग मी कितीही वेळा वाचला तरी मला घाम फुटतो, कारण तो वनौषधीप्रमुख मी आहे. मला अथेलासची तीन नावं येतात. मॅलॉर्नचं एकच बी गलाड्रिएलने सॅमला दिलं आणि ते त्याने पार्टीच्या मैदानात लावलं हे येतं. 'हॉबिट'मध्ये गँडाल्फ मागवतो त्या थंड कोंबडीबरोबर १९३७ साली टोमॅटो होते आणि १९६६च्या आवृत्तीत टॉल्किनने ते काढून लोणचं केलं, हेही येतं. (एका टोमॅटोसाठी २९ वर्षांनी मजकूर बदलणाऱ्या माणसाचं मला कौतुक वाटतं. बटाटे मात्र त्याच्याच्याने सोडवले नाहीत.) एवढं सगळं येतं, आणि आमच्या बांधावर उगवणाऱ्या दहा वनस्पती ओळखून दाखव म्हटलं तर चारवर अडते.

इथे माझाच युक्तिवाद माझ्या अंगावर येतो, आणि तो आजीनेच आणला. चौपानीची गोष्ट मी तिला सांगितली. मोठ्या भक्तिभावाने. उपयोग नसलेल्या वनस्पतीकडेही वर्षभर बघत राहायचं, वगैरे. ती म्हणाली, "म्हंजी तण."

म्हटलं, हो, तणच.

"मग उपटायची."

झालं! इतकं सगळं तत्त्वज्ञान, आणि खुरप्याच्या एका फटक्यात मोकळं. ओगियनला शेत नव्हतं, हेही खरंच. तणाकडे वर्षभर बघत बसायची चैन ज्याला पोट भरायचं नाही त्याने करावी, हा आक्षेप मला खोडता आलेला नाही, आणि शहरात राहून निसर्गावर लिहिणाऱ्यांना तो खोडता आला असं मला वाटत नाही.

पण ती पुढे बोलत गेली. कुंदा वरून तोडला तर काही होत नाही, त्याची मुळी खोल जाते. हराळीचा एक तुकडा राहिला तरी सगळं रान धरते. लव्हाळ्याच्या गाठी खणून काढाव्या लागतात. केना ओल असेपर्यंत मरत नाही, उपटून बांधावर टाकला तरी तिथेच मूळ धरतो. एकदांडीचा पाला खुरपं लागलं की जखमेवर चोळायचा. (एकदांडी मूळची अमेरिका खंडातली आहे हे मी तिला सांगितलं नाही. ती इथलीच झाली आहे.) आघाडा कपड्याला चिकटतो म्हणून दूरदूर जातो. हे सगळं ती पन्नास वर्षं भांगलणीला वाकून शिकली. प्रेमाने शिकली नाही. शत्रू ओळखावा तसं शिकली, मुळापासून बीपर्यंत, सगळ्या ऋतूंत, डोळ्याने आणि नाकाने. ओगियनने सांगितलेला अभ्यासक्रम तिने पूर्ण केला होता, फक्त शेवटी उपटण्यासाठी. तिच्याकडे उपयोगाचा रकाना होता, तो तिने सगळ्यात शेवटी भरला, आणि बहुतेक ओळींत त्यात काहीच लिहिलं नाही.

आता आमच्या शेतात भांगलण फारशी होत नाही. बाया मिळत नाहीत, मिळाल्या तर परवडत नाहीत, आणि त्यांच्या कंबरेचं काय होतं ते मी आजीच्या चालण्यात रोज बघितलंय, तेव्हा जुनं ते सोनं म्हणायला मी जाणार नाही. चुलता तणनाशक मारतो. डब्यांवरची माहिती मी वाचली. त्यात तणांचे मुख्य प्रकार दोन: रुंद पानांचं आणि अरुंद पानांचं. कुंदा, केना, आघाडा, एकदांडी, सगळं या दोन खणांत बसतं. पर्याय निवडायचा, पाण्यात मिसळायचं, पाठीवर पंप. मला माझा दुर्मिळतेचा रकाना आठवला. माझ्याकडे निदान चार पर्याय होते.

म्हणून फँटसी लिहिणाऱ्यांशी भांडते आहे. चुलत्याकडे कारण आहे, त्याला सोयाबीन काढायचं आहे. तुमच्याकडे कुठलं कारण आहे? तुमच्या जगात मजुरी द्यायची नाही, पावसाची वाट बघायची नाही, कर्जाचा हप्ता नाही. सगळ्या दुनियेत एकच माणूस असा आहे की ज्याला निरुपयोगी वनस्पती ठेवणं परवडतं, आणि तो म्हणजे काल्पनिक जग रचणारा लेखक. त्यानेच जर रुंद पान आणि अरुंद पान, विष उतरवणारी आणि ताकद वाढवणारी, असे खण पाडायचे ठरवले तर कठीण आहे. मराठीत आता नव्याने फँटसी लिहिली जाते आहे, तरुण मुलं लिहितात, मी आनंदाने वाचते. त्यात राजघराणी आहेत, शाप आहेत, कुळकथा आहेत. आणि 'दिव्य वनस्पती' आहे, नेहमी एकच, नेहमी डोंगराच्या माथ्यावर, नेहमी चमकणारी. डोंगर चढताना वाटेत काय उगवलं होतं ते नायकाला दिसत नाही, कारण ते लेखकाला दिसलेलं नाही. कारण लेखक माझ्यासारखाच हिंजवडीहून घरी येऊन अकरा वाजता लिहायला बसतो. मला त्याची अडचण कळते. पण लिहिणाऱ्या भाषेत केना, कुंदा, लव्हाळा, आघाडा असे शब्द पडलेले असताना नायकाला फक्त "हिरवीगार झुडपं" ओलांडायला लावायची, ही अडचण नाही. हा आळस आहे, आणि तो माझ्याही गोष्टीत पानोपानी होता.

तो तक्ता मी उडवलेला नाही. शनिवारचा खेळ चालू आहे, मित्रांना विष उतरवायला काहीतरी लागतंच. पण त्यात एक नवी शीट केली आहे. रकाने चार, आजीचे. कधी उगवते, गुरं खातात का, बी कसं पडतं, उपटली तर परत येते का. 'परिणाम' हा रकाना ठेवलाच नाही. मित्रांनी विचारलं, मग खेळात ही वापरायची कशी? मी म्हटलं, वाटेत असेल. एकाने फासा टाकून ती उपटलीही. काही झालं नाही, म्हणून त्याने परत फासा टाकला.

चांदवेलीची गोष्ट पुन्हा लिहायला घेतली आहे. निळा उजेड काढून टाकला. जखम भरण्याचं काय करायचं ते बघू. आजीला फोनवर सांगितलं की ती आता मृगानंतर उगवते, शेळ्या खातात, गाई खात नाहीत. बी कसं पडतं ते अजून ठरलेलं नाही.

"काटं हायत का बीला?" तिने विचारलं.

म्हटलं, विचार करते.

"काटं ठेव. मग शेळीच नेती लांब."